ज्याच्या हवाली पोर केली

नातीनं गेटचा गज दोन्ही हातांनी धरला होता आणि मी तिची बोटं एकेक करून सोडवत होते. ती रडत नव्हती. तोंड घट्ट मिटलेलं, नजर खाली, आणि अंगातलं सगळं बळ त्या बोटांत. समोर रस्त्यावर माझा पुतण्या मोटरसायकल चालू ठेवून बसला होता. माझ्या धाकट्या दिराचा थोरला मुलगा. कळंबला त्याचं बियाण्यांचं दुकान आहे आणि नातीची शाळा त्याच्या वाटेवर. रोज सकाळी तोच तिला सोडायचा आणि दुपारी घेऊन यायचा.

"काकू, उचलून ठिवा की तिला मागं. उशीर व्हायलाय," तो म्हणाला.

"थांब जरा. नाटकं करायलीय."

हे मीच म्हणाले. उजव्या हाताची करंगळी सुटली. तिच्या शेजारचं बोट सुटलं. मधलं बोट धरलं आणि माझा हात तिथंच राहिला. हे काम मी आधी पाहिलेलं होतं. तेव्हा बोटं माझी होती आणि सोडवणारी माझी आई होती.

मी हात काढून घेतला.

"तू जा. आज ती यायची न्हाय."

"का?"

"पोटात दुखायलंय तिच्या."

"आत्ता तर नाटकं म्हणलाव की."

"आता दुखायलंय. जा तू."

तो गेला. गाडीचा आवाज ओढ्याच्या पलीकडं जाईपर्यंत नातीनं गज सोडला नाही. मग सोडला, आणि घरात न जाता गोठ्यात जाऊन म्हशीच्या आड उभी राहिली. मी गेटपाशीच खाली बसले.

महिनाभर तिचं बिघडलेलं होतं. नऊ वर्षांची पोर अंथरूण ओलं करायला लागली होती. ताटातली भाकरी कुस्करून ठेवायची. वेणीला हात लावू देत नव्हती. दिवस कलला की दाराआड जाऊन बसायची. शाळेतल्या बाईंचा निरोप आला की वर्गात लक्ष नाही. सुनेनं ठरवलं, बाहेरचं आहे. ओढ्याकाठी खेळायला गेली तिथं काहीतरी लागलं. सून अंगणवाडीत मदतनीस आहे. पोरांची वजनं करते, रजिस्टर भरते. तरी तिला हेच सुचलं. मलाही दुसरं सुचलं नाही, ते मी लपवत नाही. उलट सोनारीच्या काळभैरवाचं नाव मीच काढलं. माझं माहेर तिकडचं, परंडा तालुक्यातलं. येत्या रविवारी पोरीला तिकडं न्यायचं ठरलं होतं, आणि नेणार होता पुतण्याच. त्याच्या मित्राची जीप होती.

तुम्ही विचाराल, म्हातारे, तुला आधी कसं कळलं नाही? आठवायचं नाही असं मी स्वतःला इतकी वर्षं लावून घेतलं होतं की पोरगी डोळ्यांसमोर असूनही आठवलं नाही. बोट हातात धरलं तेव्हा आठवलं.

माझा बाप मेंढरं राखायचा. दिवाळी झाली की घोड्यावर बाडबिस्तरा टाकून मेंढरं घेऊन निघायचा तो मृगाच्या तोंडावर परत यायचा. लोकांच्या रानात मेंढरं बसवायची, खताच्या बदल्यात ज्वारी घ्यायची आणि पुढं सरकायचं. बायकाही जायच्या मागं. पण आमची चार एकर जमीन होती आणि आई सारखी बाळंत व्हायची, म्हणून ती घरी राहायची. घरात गडीमाणूस पाहिजे म्हणून आईनं तिचा धाकटा भाऊ आणून ठेवला होता. माझा मामा. विशी ओलांडलेला, कामाला वाघ. आईपुढं मान खाली घालून बोलायचा. गावात सगळे म्हणायचे, भाऊ असावा तर असा.

मी नऊ वर्षांची होते. घराच्या मागं एक खोली होती, तिथं लोकर आणि घोंगड्या ठेवायचे. तिथं काय व्हायचं ते मी लिहिणार नाही. ज्यांच्यावर ते गुदरलंय त्यांना सांगावं लागत नाही. एवढंच लिहिते की एकदा झालं नाही. बाप दिवाळीनंतर गेला की सुरू व्हायचं आणि बाप आला की थांबायचं. दोन वर्षं तसं चाललं. ढग जमायला लागले की लोकांना पेरणीची घाई सुटायची, मी मेंढरांच्या घंटा ऐकायला वेशीबाहेर जाऊन बसायची.

पहिल्याच वर्षी मी नासले. संध्याकाळी किंचाळायची. अंथरूण ओलं करायची. जेवलेलं ओकायची. शेजारची म्हातारी आईला म्हणाली, "पोर कुठंतरी घाबरलीय. सोनारीला न्या. पाच रविवार करा." तेव्हा हेच औषध होतं. सोनारी आमच्यापासून दोन कोस. पहिल्या रविवारी आई आली. देवळावर वानरं फार. एका वानरानं माझ्या हातातला नारळ ओढून नेला आणि त्या महिन्यात पहिल्यांदा मी हसले. आई म्हणाली, गुण यायलाय. पुजाऱ्यानं कपाळाला अंगारा लावला, चिमूटभर पाण्यात टाकून प्यायला दिला.

दुसऱ्या रविवारी आईला जमण्यासारखं नव्हतं. अंगावर पिणारं पोर तापलेलं होतं. ती म्हणाली, "मामासंगं जा. मामा नेतोय गाडीतून." बैल जुंपलेले होते. मी दाराची चौकट धरली. आईनं आधी समजावलं, मग एक चापट दिली, मग बोटं सोडवायला लागली. तिच्या हातांना कणकेचा वास येत होता. "लई जड केलंय गं हिला त्यानं," ती म्हणाली. त्यानं म्हणजे भुतानं. मग तिनं मला काखेत धरून उचललं आणि गाडीत मामाच्या पुढ्यात बसवलं. वर म्हणाली, "घट्ट धर रे, उडी मारंल."

सोनारीच्या वाटेवर मध्ये एक पडकी विहीर होती आणि तिच्याजवळ बाभळीचं बन. येताना मामा तिथं बैल सोडायचा. चार रविवार.

पाचव्या रविवारी मी किंचाळायची थांबले. किंचाळलं की सोनारीला नेतात एवढं मला कळलं होतं. म्हणून मी जेवायला लागले, अंथरुणावर जायच्या आधी पाणी प्यायचं बंद केलं, संध्याकाळी देवापुढं बसून शाळेतली कविता म्हणायला लागले. सगळ्यांनी ठरवलं की मी बरी झाले. पुरणपोळ्या झाल्या. आईनं मामाला नवा फेटा दिला, कारण भाचीसाठी त्यानं ऊन बघितलं नाही की धूळ बघितली नाही. तो फेटा बांधून तो पंगतीत बसला आणि मी त्याला वाढलं.

आईला मी एकदा सांगितलं. नीट शब्द नव्हते माझ्याकडं. "मामा मला मागच्या खोलीत नेतो," एवढंच म्हणाले. आई चुलीपुढं बसलेली होती. तिनं वर पाहिलं नाही. फुंकणी हातात तशीच धरून बराच वेळ बसली. मग म्हणाली, "कुणापाशी बोलू नको. त्यो गेला तर तुझा बाप मेंढरामागं गेल्यावर घर कोण बघंल?" म्हणजे तिला कळलं. न कळणाऱ्या बाईनं मला मारलं असतं. त्यानंतर काही दिवस ती मला स्वतःजवळ घेऊन निजायची. पुढं नवं बाळ आलं आणि ते सुटलं.

चौथीची परीक्षा झाली. मला गणित चांगलं यायचं. गुरुजी बापाला म्हणाले, पोरगीला पाचवीला परंड्याला घाला. बाप तयार होता, त्याला कौतुक होतं. मीच नको म्हणाले. म्हणाले, मला मेंढरांमागं यायचंय. बाप म्हणाला, "येडी हायस काय? पायाचे तुकडे पडतेत." मी हट्ट धरला. दिवाळीनंतर घोड्याचा दोर धरून त्याच्यासोबत निघाले. तीन वर्षं हिंडले. ऊन, काटे, उपास सगळं सोसलं, पण त्या खोलीत परत गेले नाही. लोक म्हणतात, त्या काळात मुलींना शिकवत नव्हते. माझ्या बापानं शिकवलं असतं. मला शाळा सोडूनच सुटका मिळणार होती.

चौदाव्या वर्षी लग्न झालं. बोहल्यापाशी भटजींनी ओरडून सांगितलं, "मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं." आला. मागून माझ्या दोन्ही दंडांना धरून मला पाटावर उभी केली आणि मंगलाष्टकं संपेपर्यंत पाठीशी उभा राहिला. रीतच आहे. मला नवऱ्याचं तोंड आठवत नाही त्या दिवशीचं. दंडावरचे हात आठवतात.

नवरा वाईट नव्हता. दारू पीत नव्हता, हात उगारत नव्हता. मी त्याच्याजवळ गेले की लाकूड व्हायची. तो पहिल्यांदा चिडायचा, नंतर नुसता गप्प बसायला लागला. "तुझ्यासंगं ऱ्हाणं म्हंजे खांबासंगं ऱ्हाणं," असं एकदा म्हणाला. त्याचंही आयुष्य त्यात गेलं. तो वारला तेव्हा मला वाईट वाटलं ते याचंच, की कारण न कळताच तो गेला. ओल्या घोंगडीचा वास मला आजही चालत नाही. धनगराच्या घरातली बाई असून मी घरात घोंगडी ठेवली नाही. पावसात कुणी घोंगडी पांघरून आलं की मी परसात जाते.

मला दोन मुली आणि एक मुलगा. मी एक नियम केला. माझी मुलं मामाच्या घरी राहायला जाणार नाहीत. उन्हाळ्याची सुट्टी लागली की गावातली सगळी पोरं मामाकडं पळायची, माझी तीन घरात. माझे भाऊ सज्जन होते. त्यांच्याबद्दल माझ्या मनात काही नव्हतं, पण मामा म्हटलं की मी दार लावून घ्यायची. थोरला भाऊ एकदा चार तास प्रवास करून भाच्यांना न्यायला आला. मी चहा दिला आणि पाठवलं नाही. गाडीला उशीर होत होता तरी तो उंबऱ्यात थांबला.

"आक्का, आमचं काय चुकलं एवढं तरी सांग."

"काय न्हाय."

"मग?"

"न्हाय म्हणलं की न्हाय."

तो पुन्हा आला नाही. थोरली मुलगी अजूनही बोलून दाखवते की तू आम्हाला माहेरचा गोतावळा दिला नाहीस. खरं आहे तिचं.

आणि इतका पहारा करून मी कोणत्या दारावर बसले होते? एकाच. मामाच्या. चुलते, पुतणे, दीर, शेजारी, यांच्याकडं माझं कधी लक्षच गेलं नाही. ते आपले, घरातले. पुतण्याला तर मी भरवलेलं आहे. त्याची आई आजारी असताना सहा महिने माझ्या चुलीवर जेवला. सुनेचा भाऊ नातीला दिवाळीला न्यायला आला, तेव्हा मी त्याला नाही म्हणाले. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तिला वेणी घालून, दप्तर पाठीला अडकवून, पुतण्याच्या मोटरसायकलवर माझ्या हातानं बसवली.

त्या सकाळी सून आणि मुलगा कामाला गेले होते. मी सुपात तूर घेतली आणि गोठ्यात नातीजवळ जाऊन बसले. म्हणाले, "खडं येच माझ्याबरोबर. मला दिसंना." ती बसली. मी तिच्याकडं न बघता बोलत राहिले.

"मी तुझ्याएवढी असताना मला माझा मामा लई तरास द्यायचा. नको तिथं हात लावायचा. माझं ऐकायचा न्हाय."

ती खडे वेचत राहिली. वर न बघता म्हणाली, "मग तू सांगितलंस?"

"आईला सांगितलं."

"तिनं मारलं?"

"न्हाय. गप बस म्हणली."

"मग आता कशाला सांगतीस?"

मी म्हणाले, "तुला कुणी तरास देतंय का?"

तिनं सुपातला एक दाणा नखानं सोलला. मग दुसरा सोलला. मग म्हणाली, "काका गाडी उसाकडं वळवितो."

एवढंच. मी पुढं विचारलं नाही. म्हणाले, "उद्यापासनं तू त्या गाडीवर बसायची न्हाय. कुणीबी म्हणलं तरी." ती म्हणाली, "तू तर रोज बसवतीस." मी म्हणाले, "चुकलं माझं." तिनं माझ्याकडं पाहिलं आणि परत खडे वेचायला लागली.

दिवस मावळायच्या आत मुलगा आणि सून आले. मुलगा बाजार समितीत हमालांची नोंद ठेवतो. मी दोघांना आत बोलावून सांगितलं. सून भिंतीला टेकली. मुलगा आधी म्हणाला, पोरगी टीव्ही बघून काहीबाही बोलते. मग म्हणाला, "आई, त्यो माझा भाऊ हाय. आमी एका ताटात जेवलोत. तुला कसं ठावं?"

"पोरगी सांगती."

"पोरगी नऊ वर्साची हाय."

"म्हणून तर."

सून म्हणाली, "आत्या, आधी रविवारचं सोनारीचं करून येऊ. तिला बरं वाटंल, मग बघू पुढचं. गाडीवर धाडायचं बंद करू. बोभाटा नको. पोरीच्या जातीचं हाय."

मुलानं मान हलवली. दोघांना तेवढ्यानं हलकं वाटलं. मीही त्या वेळी गप्प बसले. माझं स्वतःचं काही मी सांगितलं नाही. तोंडाशी आलं होतं. पण मुलासमोर ते कसं बोलायचं? मी भाकऱ्या टाकायला उठले. आईची फुंकणी आणि माझा तवा यात काय फरक राहिला, असं मला वाटत होतं, तरी भाकऱ्या टाकत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गेट झाडत होते. पुतण्यानं गाडी काढली. आमच्याकडं पाहिलंही नाही. दोन घरं सोडून एक कुटुंब राहतं, नवरा-बायको दोघं रोजानं कामाला जातात. त्यांची पोर नातीच्याच शाळेत, एका वर्गानं खाली. एरवी ती एसटीनं जायची. त्या दिवशी तिची आई तिला हाताला धरून पुतण्याच्या गाडीपाशी घेऊन आली होती. हसून म्हणत होती, "जागा रिकामी हाय म्हणलं, बरं झालं. एसटीला लई गर्दी असती." पोरगी खूश होऊन मागं बसत होती.

मी झाडू घेऊन रस्त्यावर गेले.

"उतरव तिला," मी तिच्या आईला म्हणाले.

"का वो?"

"उतरव. मग सांगते."

पुतण्या म्हणाला, "काकू, आता काय झालं तुमाला? कालपासनं बघायलोय." त्याच्या आवाजात जरब होती. मी पोरीला काखेत धरून खाली घेतलं. नळाला पाणी आलेलं होतं, सात-आठ बायका घागरी घेऊन उभ्या होत्या. माझी जाऊ, पुतण्याची आई, ओट्यावरून खाली आली.

"काय चाललंय सकाळी सकाळी?"

मी म्हणाले, "तुझा पोरगा माझ्या नातीला उसात नेतो. आता हिला न्यायला निघालाय."

जाऊनं कमरेला पदर खोचला. मग सुरू झाली. म्हातारीला भ्रम झालाय. वाटणीचा राग काढायलीय. जिच्या घरात मामा, भाऊ कुणी टिकलं नाही तिला पुतण्या कसा चालंल. "हिला सगळे गडी तसलेच दिसतेत. हिच्या नवऱ्याला इचारा, म्हणाव कशी होती ही. न्हाय आता इचारायला त्यो, सुटला बिचारा." दोन बायका हसल्या. माझा मुलगा बाहेर आला, "आई, घरात चल," म्हणून माझा हात ओढायला लागला. पुतण्या गाडीवरून उतरून शांतपणे म्हणाला, "म्हातारं माणूस हाय, जाऊ द्या."

ते ऐकून बायकांनी घागरी उचलल्या. प्रकरण मिटत होतं. दोन वाक्यांत मिटलं असतं आणि ती दुसरी पोर उद्या परत त्या गाडीवर बसली असती.

मी म्हणाले, "मला भ्रम झालेला न्हाय. मला कळतं ते माझ्यासंगं झालंय म्हणून कळतं. नऊ वर्साची व्हते. माझ्या सख्ख्या मामानं. दोन वर्सं. आईला सांगितलं, तिनं गप बसवलं. म्हणून माझ्या घरात मामा टिकला न्हाय. आता इचारा काय इचारायचं ते."

मुलानं माझा हात सोडला. नळाचं पाणी एका घागरीतून वाहून रस्त्यावर येत होतं, कुणी नळ बंद करेना. मला लाज वाटली का? वाटली. मुलाकडं बघायचं धाडस झालं नाही. त्या दुसऱ्या पोरीच्या आईनं पोरीला पोटाशी ओढलं आणि घरात गेली.

तेवढ्यात सून दारातून बाहेर आली. अंगणवाडीला जायची साडी नेसलेली. चप्पल घातली. नवऱ्याला म्हणाली, "गाडी काढा. ठाण्यात जायचंय." तो म्हणाला, "जरा इचार करू." ती म्हणाली, "म्या एसटीनं जाते मग. तुमी इचार करा." त्यानं गाडी काढली.

ठाण्यात काय काय झालं ते लांबड आहे. दोन खेपा परत पाठवलं, घरातल्या घरात मिटवा म्हणाले. तिसऱ्या खेपेला सुनेनं तिच्या अंगणवाडीच्या बाईंना सोबत नेलं, तेव्हा लिहून घेतलं. आता कायदा कडक आहे म्हणतात. कडक असलं तरी कागदापर्यंत पोचायला चप्पल झिजते.

त्यानंतर बायका माझ्याकडं यायला लागल्या. एकदम नाही, एकेक. एक जण दळण घेऊन आली आणि पिठाचा डबा तसाच डोक्यावर धरून बोलली. तिच्या बाबतीत तो चुलत आजा होता. एक एसटीत शेजारी बसली, तामलवाडीची होती, मला ओळखत नव्हती, कुणीतरी तिला सांगितलेलं. ती तुळजापूरपर्यंत बोलत होती आणि उतरताना म्हणाली, "तुमी मला भेटला न्हाव." खुरपायला आम्ही सहा जणी जायचो. माझ्याबरोबर काम करणाऱ्या, वीस वर्षांची ओळख. एका दुपारी बांधावर तिघींनी सांगितलं. दोघी गवत उपटत खाली बघत राहिल्या, त्यांना मी विचारलं नाही. त्या दिवशी नळावर हसणाऱ्या दोघींपैकी एक त्या तिघींत होती. मला आयुष्यभर वाटत होतं की हे माझ्या एकटीच्या नशिबी आलं, आमच्या त्या एका खोलीत. खुरपं घेऊन बसलेल्या सगळ्या जणी तेच वाटून घेऊन बसल्या होत्या.

मुलगा महिनाभर माझ्याशी बोलला नाही. मग एके दिवशी जेवताना विचारलं, "बाबांला ठावं व्हतं?" मी म्हणाले, "न्हाय." तो ताटावरून उठला, हात धुतला आणि बाहेर जाऊन उभा राहिला. त्यानं पुन्हा विषय काढलेला नाही. पण नातीला आता तो स्वतः शाळेत सोडतो.

जाऊ आणि आम्ही एका भिंतीला लागून राहतो. पुतण्या जामिनावर आहे, दुसऱ्या तालुक्यात बहिणीकडं असतो. जाऊ भिंतीपलीकडून शिव्या देते. तिच्या जागी मी असते तर काय केलं असतं, हे मला सांगता येत नाही. केस धाराशिवला चालू आहे. तारखा पडतात. काय होईल माहीत नाही. नात अजून कधीकधी अंथरूण ओलं करते. वेणी घालू देत नाही, केस कापले तिनं. उसाच्या फडाजवळून चालताना माझा हात सोडून मधोमध रस्त्यानं चालते. बरी झाली असं मी कुणाला म्हणू देत नाही. मलाही एकदा बरं झालेलं ठरवलं होतं.

सोनारीला आम्ही गेलो नाही. सूनबाई कधीतरी एकटी जाऊन येते. तिला मी अडवत नाही. देवाशी माझं काही भांडण नाही, पण अंगारा लावून पोरीचं तोंड बंद करायला मी जाणार नाही.

नातीचा जबाब घ्यायला ठाण्यातून एक बाई घरी आली होती. साधा पंजाबी ड्रेस घालून, पोलीस वाटतही नव्हती. नातीजवळ खाली सतरंजीवर बसली. पोर बोलली. थांबत थांबत, पण बोलली. मला वाटलं होतं मी ऐकू शकणार नाही, पण मी ऐकलं, उठले नाही. मग बाईनं मला विचारलं, "आजी, तुम्हाला कसं कळलं?" मी सगळं सांगितलं. ती लिहीत होती ती थांबली. म्हणाली, "तुमचंही लिहू का?"

मामा मरून बरीच वर्षं झाली. आई त्याच्याआधी गेली. बापाला कधी कळलंच नाही. मी म्हणाले, "आता कुणाविरुद्ध लिहिणार? राहू द्या." तिनं ते लिहिलं नाही. तिचं बरोबर होतं, तिच्या कागदाला त्याची गरज नव्हती.

म्हणून इथं लिहिते. हे माझ्या नातीनं सोसलं. ती नऊ वर्षांची आहे. तिच्या आधी मी सोसलं, तेव्हा मीही नऊ वर्षांची होते.